दीर्घायुषी पटकथाकार कसे व्हावे (रत्नागिरी आवृत्ती)

ज्यांनी अजून एकही पटकथा लिहिलेली नाही, पण चाळीस वर्षं पटकथाच लिहायच्या असा ज्यांचा निर्धार आहे, त्यांच्यासाठी ही पुस्तिका आहे. एकच चित्रपट लिहून अजरामर व्हायचं असेल त्यांनी दुसरा क्लास बघावा. इथं फक्त टिकून राहायची शिकवणी मिळते.

सुरुवात आदर्श निवडण्यापासून. रत्नागिरीकराला त्यासाठी लांब जायला नको. मधुसूदन कालेलकर, जन्म १९२४, वेंगुर्ले. 'वेंगुर्ले तर सिंधुदुर्गात' असा आक्षेप कुणी घेईलच, कारण आक्षेप घेतला नाही तर आपल्याकडे माणूस आजारी आहे असं समजतात. त्यावर शांतपणे सांगावं की रत्नागिरी जिल्हा फुटला १ मे १९८१ रोजी. तोवर कालेलकर सत्तावन्न वर्षांचे झाले होते. त्यांची बहुतेक मिळकत वाटणीच्या आधीची, म्हणजे सामायिक.

आता या आदर्शाचा अभ्यास. १९५९ साली नानावटी खटल्यानं मुंबई हादरली. नौदलातला अधिकारी, बायकोचा प्रियकर, तीन गोळ्या. लोक वर्तमानपत्र वाचत होते तेव्हा कालेलकरांना त्यात तीन अंक दिसत असावेत. १९६४ साली 'अपराध मीच केला' रंगमंचावर आलं. याच माणसानं 'डार्लिंग डार्लिंग' नावाचा फार्सही लिहिला. राजदत्तांच्या 'अपराध' चित्रपटासाठी (१९६९) प्रेमगीतं लिहिली. आणि 'बाळा गाऊ कशी अंगाई' (१९७७) मधली ती निंबोणीच्या झाडाची अंगाईही त्यांचीच. खून, फार्स, प्रेम आणि पाळणा, सगळं एकाच दौतीतून. शिवाय हिंदी चित्रपट वेगळे.

यातून नवशिक्यानं पहिला नियम वहीत उतरवून घ्यावा: 'हा माझा प्रांत नाही' हे वाक्य तोंडातून काढायचं नाही. निर्मात्यानं विचारलं, 'भुताचं जमेल?' तर म्हणावं, 'भुतांतच वाढलोय.' कोकणातल्या माणसावर या बाबतीत कोणीही विश्वास ठेवतो. २०१६ नंतर 'रात्रीस खेळ चाले'मुळे तर तो जास्तच बसला आहे. विनोदी मागितलं तर विनोदी, पौराणिक मागितलं तर पौराणिक. नंतर समीक्षक याला 'अष्टपैलुत्व' म्हणतात. त्या वेळी ते घरभाडं असतं.

नोकरी सोडू नये. हा सल्ला घरातले देतातच, पण ते चुकीच्या कारणासाठी देतात. आपल्या राजापूर तालुक्यातल्या माडबनचे गंगाराम गवाणकर टेलिफोन खात्यात नोकरी करत होते आणि त्यांच्या 'वस्त्रहरण'चे पाच हजारांवर प्रयोग झाले. नोकरीत माणसं भेटतात, भांडणं ऐकायला मिळतात आणि पगार ठरल्या तारखेला होतो. यातली शेवटची गोष्ट चित्रपटसृष्टीत दंतकथा म्हणून सांगितली जाते.

विषय कुठून आणायचा? जवळून. ग. दि. माडगूळकरांनी 'दो आँखें बारह हाथ' लिहिला, त्याची कल्पना आटपाडीजवळच्या स्वतंत्रपूरची. औंध संस्थानानं तिथं कैद्यांची खुली वसाहत केली होती. माडगूळकर त्याच मुलखातले. घराशेजारची गोष्ट, ती शांतारामबापूंपर्यंत गेली आणि १९५८ साली बर्लिनहून रौप्य अस्वल घेऊन परत आली.

तुमच्या घराशेजारी काय आहे? एक अख्खा राजा आहे. ब्रह्मदेशाचा राजा थिबा १८८६ साली इंग्रजांनी रत्नागिरीत आणून ठेवला आणि १९१६ साली तो इथंच वारला. मधल्या काळात त्याच्यासाठी राजवाडा बांधला. त्यात तो राहिला जेमतेम सहा वर्षं. तीस वर्षं एका गावात अडकलेला राजा, ज्याला कुठं जाता येत नाही आणि काही करता येत नाही! दैनंदिन मालिकेला याहून सोयीचा नायक मिळणार नाही. निर्माता 'बजेट' म्हणाला तर सांगावं, युद्ध नाही, घोडे नाहीत, राजा खोलीतच बसून असतो. तरीही तो म्हणेल, 'राजाला एक सासू देता येईल का?' द्यावी. वाद घालू नये, कारण ब्रह्मदेशाच्या इतिहासात खरोखरच राजाची सासू जबरदस्त होती. हे निर्मात्याला माहीत नसतं, पण निर्मात्याची अंतःप्रेरणा हा वेगळ्या अभ्यासाचा विषय आहे.

निर्मात्यांबद्दल थोडं विस्तारानं सांगायला हवं. आदर्श निर्माते जगात एकदाच झाले. 'मंथन'साठी (१९७६) गुजरातेतल्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले. पटकथा विजय तेंडुलकरांची, आणि तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पाच लाख निर्माते आणि त्यांतला एकही रात्री अकराला फोन करून 'क्लायमॅक्समध्ये काहीतरी हवंय' म्हणत नाही! तुमच्या वाट्याला एकच निर्माता येईल, तोही दोन रुपये कमी देईल आणि सूचना पाच लाख करेल.

तेंडुलकरांकडून आणखी एक शिकावं: दुसऱ्याची गोष्ट मोठी करायला लाजू नये. 'अर्धसत्य' हा श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' कथेवरून, 'सिंहासन' अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरून, 'उंबरठा' शांता निसळ यांच्या 'बेघर'वरून. यांतला प्रत्येक चित्रपट पटकथेनं वेगळा उभा केला. नाहीतर आपल्याकडे दुसऱ्याच्या हापूसला आपल्या पेटीत भरतात आणि वर आपलं लेबल लावतात. त्याला रूपांतर म्हणत नाहीत.

आता दूरदर्शन, म्हणजे मालिका. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. साप्ताहिक मालिकांच्या काळात लेखक आठवड्याला एक भाग लिहून दमायचा. आज दैनंदिन मालिकेचा एक भाग साधारण बावीस मिनिटांचा, वर्षाला तीनशेच्या आसपास. हिशेब करा. एका वर्षात पन्नासेक चित्रपटांइतकी लांबी भरते. म्हणून तिथं कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे आणि 'हे बदला' म्हणणारा चॅनेलचा चौथा असतो. 'बँक' हा शब्द इथं पैशाशी संबंधित नाही, आधी चित्रित करून ठेवलेल्या भागांना बँक म्हणतात. ती कायम रिकामी असते, एवढं साम्य आहे.

या कामाची तालीम मात्र रत्नागिरीकराला जन्मतः मिळते. शिमग्यात नमन-खेळे पाहिलेले असतात. गण येतो, गवळण येते, संकासूर धुमाकूळ घालतो, मग पहाटेकडं कधीतरी वग. गोष्ट सुरू व्हायला रात्र गेली तरी प्रेक्षक उठत नाही. नमनाला घडाभर तेल ही म्हण आपल्याकडे टीका म्हणून वापरतात. चॅनेलच्या बैठकीत ती कार्यपद्धती म्हणून मांडा, लगेच काम मिळेल. नटानं पैसे वाढवून मागितले की त्याच्या पात्राला अपघात घडवायचा, तो मानला की शुद्धीवर आणायचा. पट्टीचा लेखक दोन्ही प्रसंग आधीच लिहून ठेवतो.

अखेरीस यशाची परीक्षा. पुरस्कार मिळाला, फोटो आला, हे सगळं किरकोळ. खरी परीक्षा अशी: एखाद्या संध्याकाळी मांडवीच्या जेटीवर जावं आणि बाळाला घेऊन आलेल्या एखाद्या आजीला निंबोणीची अंगाई कुणी लिहिली ते विचारावं. ती सबंध म्हणून दाखवील. चाल चुकणार नाही. लेखकाचं नाव पुन्हा विचारलंत तर म्हणेल, 'गो बाय, ते जुनंच आहे, आमची आईसुद्धा म्हणायची.' कालेलकर १९८५ साली गेले. लिहिलेलं गाणं हयातीच्या आसपासच 'पारंपरिक' होणं, याच्यापुढं पद्म पुरस्कार फिका. लोकांनी इतकं आपलं मानलं की मालकाचं नावच पुसलं.

पण हा मान घरभाड्याला चालत नाही. नाव पुसलं जाणारच असेल तर निदान पैसे पुसले जाऊ नयेत. पटकथा कुणालाही वाचायला देण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे तिची नोंदणी करा. २०१२च्या कॉपीराइट दुरुस्तीनं चित्रपटातल्या गाण्याच्या आणि पटकथेच्या लेखकाचा रॉयल्टीतला हक्क कायद्यात बसवला आहे. करारात 'सर्व हक्क कायमचे' अशी ओळ आली की तिथं थांबा, चहा घ्या आणि कागद रत्नागिरीतल्या एखाद्या वकिलाला दाखवा. आपल्याकडे आंबा एखाद्या वर्षी कमी येतो, वकील कधी कमी पडलेले नाहीत.