प्रकरण 82 आणि वऱ्हाडचा कूलर

माणूस हातात काय धरतो यावरून त्याची संस्कृती ठरवावी, असे मानववंशशास्त्रज्ञांचे म्हणणे असले, तरी भारताच्या सीमाशुल्क खात्याने हा प्रश्न त्यांच्याआधीच निकालात काढलेला आहे. कापणारे, ठोकणारे, पिळणारे, सोलणारे, खाजवणारे असे जे जे साधन माणसाच्या मुठीत मावू शकते, ते जवळपास सारे 1975 च्या सीमाशुल्क दर कायद्याच्या पहिल्या अनुसूचीतील एकाच प्रकरणात कोंबण्यात आले असून, त्या प्रकरणाचा क्रमांक 82 आहे. ही अनुसूची, म्हणजे शुल्कसूची, जगातील प्रत्येक विकाऊ वस्तूला एक आकडा देते आणि त्या आकड्यासमोर सरकारचा वाटा लिहून ठेवते. आठ आकड्यांपैकी पहिले सहा हे जागतिक सीमाशुल्क संघटनेच्या 1988 पासून अमलात असलेल्या ‘हार्मोनाइज्ड सिस्टिम’ या वर्गीकरणानुसार सर्व सदस्य देशांत सारखे असतात, आणि उरलेले दोन प्रत्येक देशाने आपापल्या मगदुराप्रमाणे जोडायचे असतात.

या पद्धतीने फावडे, कुदळ, कुऱ्हाड आणि विळा 8201 मध्ये गेले. करवत 8202 मध्ये, पक्कड, कानस आणि चिमटी 8203 मध्ये, पाने 8204 मध्ये, हातोडी आणि पेचकस 8205 मध्ये. सुरीला 8211, कात्रीला 8213, नेलकटरला 8214 आणि पळी-झाऱ्याला 8215 हे घर मिळाले. अंजनगाव सुर्जीच्या पानमळ्यांच्या मुलखात पाहुण्यापुढे पानदानासह ठेवला जाणारा अडकित्ता मात्र ‘घरगुती हत्यारे’ या उपशीर्षकाखाली, बाटलीचे बूच काढण्याच्या साधनांशेजारी जाऊन बसला, आणि ही सोयरीक जुळविताना वऱ्हाडातील कोणाही वडीलधाऱ्याला विचारले गेले नाही. विळीचे तर नावच या सूचीत नाही. त्यामागे तात्त्विक अडचण असावी, कारण सुरीत पाते हलते आणि भाजी स्थिर राहते, तर विळीत पाते स्थिर राहते आणि भाजी हलते. त्यातच विळीवर एक पाय दुमडून बसावे लागत असल्यामुळे ती हत्यारांत मोडते की आसनांत, हा प्रश्न अधिकाऱ्यांपुढे उभा राहिल्यास नवल नाही.

वर्गीकरण ठरले की करआकारणी ओघाने येते. परदेशातून आलेल्या पेचकसाची बंदरातील किंमत 100 रुपये धरली, तर त्यावर 10 टक्के मूलभूत सीमाशुल्क बसते. त्या शुल्कावर पुन्हा 10 टक्के समाजकल्याण अधिभार, म्हणजे 2018 पासून करावरच आकारला जाणारा कर, बसतो. आणि झालेल्या 111 रुपयांवर 18 टक्के एकात्मिक वस्तू व सेवा कर लागून बेरीज 130 रुपये 98 पैशांवर येते. शेवटचे दोन पैसे सरकारने का सोडले, याचा खुलासा कायद्यात नाही. देशांतर्गत कराची रचना याहून सूक्ष्म आहे. हाताने चालवायच्या शेती-अवजारांवर वस्तू व सेवा कर नाही, तर सुरीवरील कर 18 जुलै 2022 पासून 12 टक्क्यांवरून 18 टक्क्यांवर नेण्यात आला. परिणामी दर्यापूरकडची जी बाई दिवसभर विळ्याने तूर सोंगते ती करमुक्त अन्नदात्री ठरते, आणि संध्याकाळी घरी येऊन तिने सुरीने कांदा चिरायला घेतला की त्याच हातात चैनीची नसली तरी 18 टक्के कर भरलेली वस्तू येते. शेतात आणि स्वयंपाकघरात तिचा हात बदलत नाही, फक्त त्यातल्या वस्तूचा क्रमांक बदलतो.

परदेशी पात्याची ओळख वऱ्हाडला नवी नाही. 1853 मध्ये निजामाने हा प्रांत इंग्रजांच्या ताब्यात दिला, 1867 पर्यंत मुंबईहून निघालेली रेल्वे अकोला आणि बडनेरा ओलांडून नागपुरास पोचली, आणि ज्या गाड्यांनी इथला कापूस बंदराकडे वाहिला त्यांचे परतीचे डबे रिकामे येऊ नयेत, याची काळजी विलायती व्यापाराने घेतली. 1882 ते 1894 या काळात तर बहुतेक विलायती मालावर सर्वसाधारण आयातशुल्कच नव्हते. शेफील्डच्या जोसेफ रॉजर्स कंपनीचे चाकू हिंदुस्थानात इतके नावाजलेले होते, की त्यांच्या नकला होऊ लागल्या. जर्मनीतील झोलिंगेनचे कारागीर आपल्या पात्यांवर शेफील्डचा छाप मारतात, अशी ओरड झाल्यावर ब्रिटिश पार्लमेंटने 1887 मध्ये व्यापारचिन्हांचा कायदा केला, त्याची हिंदुस्थानी आवृत्ती 1889 मध्ये आली, आणि परक्या मालावर त्याच्या देशाचे नाव छापणे भाग पडले. हेतू असा होता, की ‘मेड इन जर्मनी’ ही अक्षरे वाचून गिऱ्हाइकाने नाक मुरडावे. गिऱ्हाइकाने ती वाचली, चाकू वापरून पाहिला आणि पुढच्या वेळी तीच अक्षरे शोधून चाकू मागितला. लाज वाटावी म्हणून लावलेली चिठ्ठी काही वर्षांतच प्रतिष्ठेची ठरल्याचे हे उदाहरण भारतीय कायदेपंडितांनी पुरेशा गांभीर्याने अभ्यासलेले दिसत नाही.

स्वातंत्र्यानंतर चार-पाच दशके परदेशी हत्यार ही आखातातून परतणाऱ्या भाच्याने आणायची वस्तू राहिली, कारण परिमाणात्मक निर्बंध लागू होते. म्हणजे कोणती वस्तू किती आणायची, किंवा आणायचीच नाही, हे परवान्याने ठरत होते. जागतिक व्यापार संघटनेत अमेरिकेच्या तक्रारीवर भारत हरला आणि या निर्बंधांतील अखेरच्या 715 वस्तू 1 एप्रिल 2001 रोजी मोकळ्या झाल्या. त्यानंतरचा प्रवास सरळ आहे. चीनच्या झेजियांग प्रांतात योंगकांग हे हत्यारांचे आणि यीवू हे किरकोळ वस्तूंच्या घाऊक बाजाराचे शहर, ग्वांगदोंग प्रांतात यांगजियांग हे सुऱ्या-कात्र्यांचे शहर. तेथून निघालेला कंटेनर न्हावा शेवा बंदरात उतरतो, माल मुंबईच्या नागदेवी स्ट्रीटवर किंवा दिल्लीच्या सदर बाजारात फुटतो आणि ट्रकने अकोल्याच्या टिळक रोडवर व अमरावतीच्या इतवाऱ्यात येऊन थांबतो. या प्रवासात राष्ट्राचाही हातभार आहे. जून 2022 मध्ये राष्ट्रीय महामार्ग 53 वर अमरावती ते अकोला या टप्प्यात 75 किलोमीटरचा डांबरी थर 105 तास 33 मिनिटांत अंथरून गिनीज विक्रम नोंदविण्यात आला, आणि तेव्हापासून इतवाऱ्यात संपलेला पेचकसाचा संच टिळक रोडवरून विक्रमी रस्त्याने मागविता येतो.

हा संच जवळून पाहण्यासारखा आहे. पारदर्शक प्लास्टिकची डबी, आत नारिंगी-काळी मूठ आणि तिच्याभोवती दाटीवाटीने उभ्या केलेल्या तीसेक लहान टोकांची फौज. त्यांपैकी तारेच्या आकाराची, त्रिकोणी आणि षट्कोनी टोके कोणत्या यंत्रासाठी आहेत, हे वऱ्हाडातील बहुतेक घरांना आयुष्यभर कळत नाही. डबीच्या मागे मुंगीच्या पावलांएवढ्या अक्षरांत 2011 च्या आवेष्टित वस्तू नियमांनी सक्तीचा केलेला मजकूर असतो: वस्तूचे नाव, नग, आयातदाराचे नाव व पत्ता, महिना आणि वर्ष, कमाल किरकोळ किंमत, तक्रारीसाठी क्रमांक आणि मूळ देश. मूळ देशाच्या जागी बरेचदा ‘पीआरसी’ एवढेच छापलेले असते. पीपल्स रिपब्लिक ऑफ चायना हे पूर्ण नाव डबीवर मावत नाही, असे समजून घ्यावे लागते, कारण त्याच डबीवर ‘सुपर प्रोफेशनल क्वालिटी’ हे शब्द तीन रंगांत मावलेले असतात. छापील किंमत पाचशे-सहाशेच्या घरात असते आणि विक्रेता दीडशेपासून बोलायला सुरुवात करतो. शेजारच्या ढिगातील सुरी उचलून एखादी बाई विचारते, “काहून भाऊ, हे कापते का नुस्ती चमकते?” हा प्रश्न शुल्कसूचीच्या कोणत्याही रकान्यात नाही, आणि म्हणून भाऊही त्याचे उत्तर देत नाही.

संचाची खरी परीक्षा मार्चअखेर होते. पारा 45 अंशांकडे निघाला की वऱ्हाडातील घराघरांत कूलर माळ्यावरून उतरतो, आणि मागच्या हंगामाच्या पाण्याने गंजलेले त्याच्या जाळीचे स्क्रू सोडविण्यासाठी घरधनी नारिंगी मूठ हातात घेतो. पहिल्या पिळाला पेचकसाच्या टोकाचे कोपरे गोल होतात, दुसऱ्या पिळाला मूठ टोकाभोवती स्वतंत्रपणे फिरू लागते, आणि स्क्रू जागचा हलत नाही. या पराभवाला धोरणात्मक पार्श्वभूमी आहे. विदेश व्यापार महासंचालनालयाने जानेवारी 2024 मध्ये किलोला 129 रुपयांपेक्षा स्वस्त पडणाऱ्या अनेक प्रकारच्या स्क्रूंच्या आयातीवर बंदी घातली, तशी 20 रुपयांपेक्षा स्वस्त लायटरवर जून 2023 मध्येच घातली होती. पेचकसावर मात्र अशी बंदी नाही. त्यामुळे स्क्रू हा संरक्षित स्वदेशी आणि पेचकस हा खुल्या आयातीचा परदेशी, अशी लढत प्रत्येक उन्हाळ्यात गच्चीवर लागते व तीत स्वदेशी पक्ष निर्विवाद जिंकतो. आयात-प्रतिस्थापनाचे, म्हणजे परदेशी मालाची जागा देशी मालाने घेण्याचे, इतके यशस्वी उदाहरण दुसरे दाखविता येणार नाही. विजयानंतर घरधनी शेजाऱ्याकडून जुना ‘टपारिया’ मागून आणतो. नाशिकच्या सातपूर वसाहतीतील ही हत्यारे 1969 पासून स्वीडिश कंपनीच्या तांत्रिक सहकार्याने बनू लागली, ही गोष्ट स्वदेशीच्या वक्त्यांना अवघड वाटत असली, तरी स्क्रूला ती ठाऊक नसावी, कारण तो मुकाट्याने सुटतो.

बंदीसाठी किलोचा भाव ही कसोटी निवडण्यातील शहाणपण येथे मान्य करायला हवे. स्क्रू चांगला की वाईट हे तपासायला प्रयोगशाळा लागते, वेळ लागतो आणि निष्कर्षाची जबाबदारी कोणावर तरी येते. स्वस्त की महाग हे बिलावर दिसते. त्यातून 128 रुपये किलोचा स्क्रू राष्ट्रहिताला घातक आणि 130 रुपये किलोचा निर्धोक, असा सुस्पष्ट सिद्धान्त हाती लागला, आणि ज्या आयातदाराला बिलावर दोन रुपये वाढवून लिहिता येतात त्याची देशभक्तीही आपोआप सिद्ध झाली.

याच देशात जालंधर आणि लुधियाना येथे कारागिरांच्या पिढ्या घडीव पाने आणि पकडी बनवून युरोप-अमेरिकेला पाठवितात, हे सांगितले तर इतवाऱ्यातील गिऱ्हाईक थट्टा समजेल. नीती आयोगाच्या 2025 च्या अहवालानुसार भारताची हातहत्यारांची निर्यात सुमारे 60 कोटी डॉलरची, म्हणजे जागतिक व्यापाराच्या 1.8 टक्के आहे. चीनचा वाटा निम्म्याच्या आसपास. चीनच्या तुलनेत भारतीय उत्पादन 14 ते 17 टक्के महाग पडते, असेही तो अहवाल सांगतो, आणि कारणांत महाग पोलाद, महाग कर्ज व वाहतूक यांची नोंद करतो. चांगला पाना जर्मन गॅरेजसाठी आणि मुरगळणारा पेचकस अकोल्याच्या कूलरसाठी, ही श्रमविभागणी कोणी ठरविली याचा उल्लेख अहवालात असण्याचे कारण नाही. ती ठरविणाऱ्यांत दीडशेच्या खाली घासाघीस करणारा गिऱ्हाईकही आहे.

शुल्कसूचीला जो मुळीच दिसत नाही असा एक कारखाना मात्र अकोला आणि अमरावती या दोन्ही शहरांच्या वेशीवर अधूनमधून उभा राहतो. रस्त्याकडेला गाडीलोहाराचे पाल पडते, भाता फुंकला जातो, ट्रकच्या कमानीचा मोडका पाटा निखाऱ्यात लाल होतो; पुरुष तो सांडशीने ऐरणीवर धरतो आणि त्याची बायको घण घालते. घाव संपले की पात्याला पाणी पाजले जाते, म्हणजे तापलेली धार क्षणभर पाण्यात बुडवून, बाहेर काढून, तिच्यावर चढणारा रंग पाहून पुन्हा बुडविली जाते, कारण एकदम थंड केलेले पोलाद काचेसारखे ठिसूळ होते आणि सावकाश थंड केलेले मऊ राहते. हा मधला क्षण कोणत्या रंगावर पकडायचा हे त्या लोहाराच्या डोळ्याला कळते. तयार झालेल्या विळ्यावर वेष्टन नाही, महिना नाही, कमाल किंमत नाही, तक्रारीचा क्रमांक नाही. विळा बोथट झाला तर तक्रार त्याच झाडाखाली तोंडी नोंदविता येते आणि निवारण दहा मिनिटांत होते. स्वदेशीच्या अभिमान्यांनी येथेही फार खोलात जाऊ नये. भारत दरवर्षी लाखो टन लोखंडी भंगार आयात करतो, आणि तो कमानीचा पाटा ज्या पोलादातून ओतला गेला त्यात कोणत्या देशाची मोडकी मोटार होती, हे लोहारालाही सांगता येणार नाही.

एवढ्या व्यवस्थेत हत्याराची धार मोजणारी जागा कोठेच नाही. कर किमतीवर, बंदी किलोवर, चिठ्ठी मूळ देशावर आणि अहवाल डॉलरवर चालतो. पाते किती दिवस कापेल, टोक कितव्या पिळाला गोल होईल आणि बोथट झालेले पाते पुन्हा परजता येईल की नाही, हे तीन प्रश्न विचारण्याचे काम इतवाऱ्यातल्या त्या बाईवर सोपविण्यात आले आहे, आणि तिला त्याबद्दल कोणतेही मानधन नाही. वाचकांनी निदान एवढे करावे: डबी घेण्यापूर्वी मागची बारीक अक्षरे वाचावीत, आयातदाराचे नाव-पत्ता नसेल तर वैधमापनशास्त्र कार्यालयात तक्रार द्यावी, आणि नवी सुरी आणण्याआधी घरातली जुनी सायकलवर चाक फिरवीत येणाऱ्या धारवाल्यापुढे एकदा ठेवून पाहावी, कारण त्या धारेवर अद्याप सीमाशुल्क लागू झालेले नाही.