दामदुप्पटीचे पेढे

पुतण्याच्या घराची वास्तुशांत झाली. गारगोटीत, वेदगंगेच्या बाजूला नवी वसाहत वाढतेय तिथं. दोन खोल्या, हॉल, किचन, वर काळी टाकी, दारावर लिंबू-मिरची. येणारा प्रत्येक पाहुणा चप्पल काढता काढता तेच तीन प्रश्न विचारत होता. किती फूट? खर्च कुठवर गेला? हप्ता किती बसतो?

हप्त्याच्या बाबतीत आपण ‘बसतो’ म्हणतो ते उगाच नाही. शनीही बसतोच. फरक इतकाच की त्याची साडेसाती साडेसात वर्षांत उठते.

चौथा प्रश्न विचारला थोरल्या आत्तीनं. वय ऐंशीच्या पुढं, अक्षरओळख जेमतेम, पण दूधबिलातला रुपया कधी चुकू दिला नाही. पेढा हातात धरून म्हणाली, “आणि सगळं मिळून फेडायचं किती रं?”

पुतण्या थबकला. मग म्हणाला, “वीस लाखाचं लोन हाय आत्ती.”

“घेतल्यालं न्हवं. फेडायचं किती?”

पुतण्याला ते माहीत नव्हतं. हाच पुतण्या फरशीत फुटाला दोन रुपये सुटावेत म्हणून कोल्हापूरला चार हेलपाटे घालून आला होता. अकराशे फुटांचे बावीसशे रुपये वाचवले आणि त्यातलं निम्मं पेट्रोलला घातलं. सिमेंटची पोती मोजून घेतली, सळीचं वजन समोर उभं राहून केलं, गवंड्याच्या रोजावर घासाघीस केली. घरातली सगळ्यात महाग वस्तू मात्र न विचारता उचलली. ती वस्तू म्हणजे कर्ज.

पंगतीला एक निवृत्त गुरुजीही होते. शिक्षणतज्ज्ञ जे. पी. नाईकांनी जिथं मौनी विद्यापीठ उभं केलं त्या गावात गणिताची आबाळ असायचं कारण नाही. गुरुजींनी उभी हयात पोरांकडून चक्रवाढ व्याजाची उदाहरणं सोडवून घेतली. त्यांनाही विचारलं, तुमच्या कर्जाचं एकूण किती झालं होतं? गुरुजी म्हणाले, “ते पगारातनं कटत होतं.” हे उत्तर परीक्षेत आलं असतं तर त्यांनीच शून्य दिलं असतं.

शेवटी बँकेचं पाकीट काढलं. त्यात परतफेडीचा तक्ता होता, चांगल्या दोनशे चाळीस ओळींचा. घडी मोडलेली नव्हती. कर्ज २० लाख, दर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं, हप्ता १७,३५६ रुपये. ओट्यावर जिलेबीची परात बाजूला सारून तक्ता पसरला आणि पहिली ओळ मोठ्यानं वाचली: व्याज १४,१६७, मुद्दल ३,१९०.

“म्हंजे सतरा हजारातलं तीन हजारच कर्जाला?” आत्ती म्हणाली. “बाकीचं?”

बाकीचं बँकेला. तसं सगळंच बँकेला जातं, पण फिटतात ते तीन हजारच.

यात लबाडी कुठंच नाही. गणित सरळ आहे. उरलेल्या मुद्दलावर त्या महिन्याचं व्याज आधी कापायचं, राहिलेलं मुद्दलात घालायचं. सुरुवातीला मुद्दल डोंगराएवढं, म्हणून व्याजही तेवढं. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३ वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे बाराव्या वर्षाची अखेर. आपल्याकडं बारा वर्षांना तप म्हणतात. ऋषी तेवढ्यात देव प्रसन्न करून घेत. आपल्याला तेवढ्यात व्याजाशी बरोबरी जमते.

दहा वर्षांची ओळ तर आत्तीपासून लपवावीशी वाटली. तोवर १२० हप्ते, म्हणजे २० लाख ८३ हजार भरून झालेले असतात. घेतलं त्याहून जास्त. आणि बाकी? १४ लाख. निम्मी मुदत सरली म्हणजे निम्मं कर्ज फिटलं, असं समजून पोराच्या कॉलेजचं गणित मांडणारी माणसं मी पाहिली आहेत. फिटलेलं असतं सहा लाख.

आणि सगळ्याची बेरीज ४१ लाख ६५ हजार. आत्तीनं बोटं मोडली नाहीत की कपाळाला हात लावला नाही. एकच शब्द उच्चारला, “दामदुप्पट.”

हा शब्द हल्ली फक्त ठेवीच्या जाहिरातीत उरलाय. मूळचा तो मर्यादेचा शब्द. जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम होता: सावकाराला एका वेळी मुद्दलाइतकंच व्याज मागता येईल, त्यावर दमडी नाही. शंभर दिले तर शंभर व्याज, तिथं रेघ. मुंबई इलाख्यात इंग्रजांच्या न्यायालयांनीही तो मानला. आता वकील मंडळी हात वर करतील. बरोबर आहे त्यांचं. तो नियम थकलेल्या व्याजाला. दरमहा इमानानं भरत गेलात तर तेव्हाही दुपटीच्या पुढं जाता येत होतं. म्हणजे तेव्हाचं संरक्षण बुडव्याला, आणि वेळेवर भरणारा मोकळ्या रानात. एवढं मात्र बदललेलं नाही.

१८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांची घरं गाठली ती पैशासाठी नव्हे, कागदासाठी. कर्जरोखे आणि हुकूमनामे बाहेर काढून जाळले. दख्खनचे दंगे म्हणतात ते हेच. त्यातून १८७९ चा कायदा आला आणि न्यायालयाला रोख्यामागचा हिशेब उकरून बघण्याचा अधिकार मिळाला. आजही महाराष्ट्राचा २०१४ चा सावकारी कायदा परवानाधारक सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करू देत नाही. बँका त्या कायद्याच्या बाहेर. गावचा सावकार दुपटीवर थांबला नाही तर गुन्हेगार. बँकेच्या दुपटीला मात्र आपण पेढे वाटतो.

तेव्हा लोकांनी न वाचता येणारे कागद जाळले. आमच्या पुतण्यानं वाचता येणारे कागद न वाचता चाळीस ठिकाणी सही केली. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेनं प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाला ठळक माहितीचं पत्रक सक्तीचं केलं आहे: सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो, परतफेड कशी होणार, आणि तेही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. पुतण्याच्या पाकिटात ते होतं. त्यावर वास्तुशांतीच्या सामानाची यादी लिहिलेली होती. हळद, कुंकू, सुपाऱ्या अकरा.

पत्रकातच एक ओळ सापडली, विम्याची. साठ हजारांचा एकरकमी हप्ता, कर्जातच मिळवलेला. “लोनबरोबर घ्यावाच लागतो म्हणाले,” पुतण्या म्हणाला. अशी सक्ती कुठल्याही कायद्यात नाही. बरं, विमा वाईट नाही, कर्ता माणूस गेला तर घर राहतं. पण साठ हजार कर्जात घातले की त्यावरही वीस वर्षं व्याज. साठाचे सव्वा लाख. विम्यालाही दामदुप्पट.

आणि एवढं असूनही पुतण्या सुटला, असंच म्हणायचं. कारण बँकेतल्या पोरानं त्याला तीस वर्षांची मुदत सुचवली होती. “सर, हप्ता हलका बसतो.” किती हलका? १,९७८ रुपयांनी. त्यासाठी एकूण भरणा ५५ लाख ३६ हजार. महिन्याला दोन हजार वाचवायला पावणेचौदा लाख मोजायचे, ही सवलत ऐकून माणूस आभार मानत उठतो.

बदलत्या दराची गोष्ट याहून मजेची. २०२० च्या मे महिन्यात रेपो दर चार टक्क्यांवर आला. पुढच्या वर्षात गृहकर्ज पावणेसातच्या आसपास मिळत होतं. लोक म्हणाले, आता नाही तर कधी नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो साडेसहावर गेला. अडीच टक्के ऐकायला किरकोळ वाटतात, म्हणून मांडून बघू. पावणेसातनं २० लाख, वीस वर्षं, हप्ता १५,२०७. दोन वर्षं नीट भरलं, बाकी राहिली १९ लाखांच्या जवळपास. दर सव्वानऊ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर त्या महिन्याचं व्याजच १४,६३५. मुद्दलाला पाचशे बहात्तर रुपये. उरलेली मुदत अठरा वर्षांची होती, ती साडेपस्तीस वर्षांच्या पुढं जाते. चाळिशीत घर घेतलेल्यानं शेवटचा हप्ता अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी भरायचा. आणि त्याला खबर काय? हप्ता वाढला नाही, म्हणून तो खूश. प्रत्यक्षात बँका मुदत निवृत्तीपलीकडं फार ओढत नाहीत, मग हप्ताही वाढवतात. पण मुदत गुपचूप लांबवण्याचा प्रकार इतका झाला की ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावं लागलं: दर बदलताना कर्जदाराला विचारा, हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं. शिवाय दर तिमाहीला लिहून द्या, किती हप्ते राहिले.

२०२५ मध्ये रेपो उतरू लागला. तुमची मुदतही तेवढीच उतरली का, हे कुणी जाऊन बघितलं? चढताना आपोआप चढतं. उतरताना अर्ज करावा लागतो की काय, ते तरी विचारून यावं.

इथं पुण्याचा भाचा मध्ये पडला. भाच्यांना सगळं माहीत असतं. “मामा, भाडं वाया जातं. आणि महागाईत पंधरा वर्षांनी सतरा हजार म्हणजे चहा-पाणी.” दुसरं म्हणणं खरं आहे. पैशाची किंमत उतरते, हप्ता तोच राहतो, पगार वाढला तर तो पुढं टोचत नाही. पण पहिलं म्हणणं पुण्याचं आहे, त्यानं ते एसटीतनं इकडं आणलं. गारगोटीत पुतण्या साडेचार हजार भाडं भरत होता. ते ‘वाया’ जातं म्हणून त्यानं महिन्याला चौदा हजार व्याज भरायला घेतलं. घर बांधू नये असं मी म्हणत नाही. स्वतःच्या भिंतीला खिळा ठोकायचं सुख भाड्याच्या हिशेबात मावत नाही. पण ते सुखाच्या खात्यात लिहावं, बचतीच्या नव्हे.

तीच गोष्ट करसवलतीची. “व्याजावर टॅक्स वाचतो” असं सांगणारा माणूस, वीस पैसे परत मिळावेत म्हणून रुपया घालवायला निघालेला असतो. दोन लाखांपर्यंत व्याजाची वजावट आहे ती जुन्या करपद्धतीत. स्वतः राहत्या घरासाठी नव्या पद्धतीत तीही नाही. पुतण्यानं नवी पद्धत घेतलीय. भाच्याला विचारलं, तर त्यानं जिलेबी घेतली.

आत्तीला यातलं काही सांगावं लागलं नाही. तिनं तक्ता उलटा-सुलटा करून विचारलं, “मधीच जादा भरलं तर घेत्यात का?”

घेतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी भरल्याचा दंड बँकांना २०१२ पासून लावता येत नाही. आणि इथं गणित पहिल्यांदाच आपल्या बाजूनं फिरतं. वर्षाला एक हप्ता जादा टाकला, तरी वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांच्या आत मिटतं. जादा भरलेलं वजा करूनही चार लाखांच्या वर वाचतात. अट एकच, सुरुवातीच्या वर्षांत हात सुटला पाहिजे. चौदाव्या वर्षी शहाणपण सुचलं तर व्याजाचा बराचसा भाग देऊन झालेला असतो.

पुतण्याचा अर्धा एकर ऊस आहे. आत्ती म्हणाली, “ऊसबिल आलं की त्यात घाल.”

कायद्यानं ऊस गेल्यापासून चौदा दिवसांत बिल यायला हवं, आणि उशीर झाला तर वर पंधरा टक्के व्याज. १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशात तसं लिहिलेलं आहे. उसाच्या उशिराचं व्याज मागायला किती शेतकऱ्यांना जमलं, हे मंडईत उभं राहून विचारा. घरकर्जाचं व्याज मात्र कुणाला मागावं लागत नाही. महिन्याच्या पाच तारखेला ते स्वतःच्या पायानं चालत खात्यातून निघून जातं.

पुतण्यानं मान डोलावली. ऊसबिल कर्जात घालायचं ठरलं. तक्त्याची घडी घालून देव्हाऱ्यामागं ठेवली. आत्तीनं तेव्हा कुठं पेढा खाल्ला.

परवा त्याचा फोन आला. आवाजात उत्साह. “आण्णा, बँकेचा मेसेज आलाय. अभिनंदन म्हणत्यात. टॉप-अप मंजूर, तीन लाख. मुदत थोडी वाढवली की हप्ता त्योच राहतोय. कंपाउंडची भिंत राहिलीच हाय न्हवं का?”

मी विचारलं, सगळं मिळून फेडायचं किती?

“ते बघतो,” म्हणाला. “पण आत्तीला एवढ्यात बोलू नका.”