किल्ली, कुकर आणि कार्तवीर्य

हरवलेलं शोधून देण्याचं खातं आपल्याकडे फार पूर्वीपासून कार्तवीर्यार्जुनाकडे आहे. त्याचं नाव घ्यायचं, पदराला गाठ मारायची आणि पुन्हा एकदा कपाट उपसायचं. वसईत हेच काम संत अँथनी पाहतात. १९८०च्या दशकात या खात्यात विज्ञान शिरलं आणि शिट्टी मारली की पीं-पीं करणारं किल्लीचं कडं निघालं. त्याला माणसाची शिट्टी आणि बाकीचे आवाज यांतला फरक नीट कळत नसे. त्यामुळे कुकरच्या तिसऱ्या शिट्टीला डाळ शिजायची आणि किल्लीही सापडायची. भिवंडीत गल्लोगल्ली यंत्रमागांची खटखट चालते. तिथे हे कडं हरवण्याआधीच ओरडून दमलं असतं.

आताचे टॅग अधिक शहाणे आहेत. २०२१ साली एअरटॅग आला, २०२३ साली ७४९ रुपयांत जिओटॅग आला. टॅग जवळपास असेल तर फोन ब्लूटूथवरून त्याला वाजवतो. लांब राहिला, तर येणाऱ्या-जाणाऱ्या अनोळखी लोकांचे फोन त्याची खूण टिपून गुपचूप मालकाला कळवतात. कार्तवीर्याचे हजार हात असे लोकांच्या खिशांतून परत आले आहेत. मात्र किल्ली शोधायला फोन लागतो आणि फोनवरचं वाचायला चष्मा. घरात सर्वाधिक हरवतो तो चष्माच, आणि त्याच्या काडीला टॅग लावला तर तो नाकावर टिकत नाही. शिवाय नकाशा सांगून सांगून काय सांगणार, तर ‘किल्ली घरात आहे’. एवढं घरातली माणसं फुकट सांगतात, वर दोन शब्द जास्तच ऐकवतात.

माझं म्हणणं असं, की आपण चुकीच्या टोकाला पैसे घालतो. पुरावा भिवंडीच्या गोदामांत आहे. मुंबईच्या जकातीबाहेर राहण्याच्या सोयीने मानकोली, काल्हेर, पूर्णा, राहनाळ या पट्ट्यात गोदामं उभी राहिली. २०१७ साली जकात गेली, पण गोदामं वाढतच राहिली. ऑनलाइन मागवलेला टॅग बहुधा अशाच एखाद्या गोदामातून येतो. तिथे त्याच्या खोक्यासाठी कोणी शिट्टी मारत नाही की जप करत नाही. माल मांडणीवर चढतानाच खोक्याचा आणि खणाचा बारकोड स्कॅन होतो, म्हणून काढणारा थेट त्या खणाशी जातो. वस्तू शोधणारं यंत्र स्वतः मात्र शोधावं लागत नाही, कारण ठेवतानाच त्याचा पत्ता लिहिलेला असतो. गोदाम ठेवण्यावर खर्च करतं, आपण शोधण्यावर.

यावर कोणी म्हणेल, घर म्हणजे गोदाम नव्हे, इथे पाच जणांचे हात फिरतात. गोदामात तर पाळ्यापाळ्यांनी त्याहून कितीतरी जास्त हात फिरतात. फरक इतकाच, की तिथे वस्तू हलवणारा नोंद करतो आणि घरात हलवणारा ‘मी हातही लावला नाही’ म्हणतो. दुसरा आक्षेप मात्र मान्य करायलाच हवा. विमानतळावरची बॅग किंवा रिक्षात राहिलेलं पाकीट यांना कुठला आला ठरलेला खण? ज्यांची आठवण वयाने दगा देऊ लागली आहे, त्यांना पत्ता लिहून ठेवण्याचा उपदेश करणं हा तर उद्धटपणाच. तिथे टॅगचे पैसे वसूल होतात. पण रोजच्या किल्लीला दारामागचा एक खिळा पुरतो. त्याला ब्लूटूथ नको, वर्षाकाठी बॅटरीही नको. फक्त घरातल्या प्रत्येकाने तो मानला पाहिजे. टॅग इतके खपतात याचा अर्थ एवढाच, की कुटुंबाचं एका खिळ्यावर एकमत घडवण्यापेक्षा उपग्रह आणि लाखो फोन कामाला लावणं सोपं पडतं.