आवाज भैंशाचा, गोल माद्रिदचा

प्रत्येक गावात असा एक माणूस असतो, की ज्याच्या हातात माइक दिला तर तो परत मिळत नाही. तेलंगणातल्या भैंशातला हा माणूस कापसाच्या हंगामात जिनिंगमध्ये हिशेब लिहितो आणि उरलेले वर्ष समालोचन करतो. कारकीर्दीची सुरुवात शाळेतली. २६ जानेवारीच्या कवायतीत गुरुजींना ऐन वेळी खोकल्याची उबळ आली आणि माइक याच्याकडे गेला. गुरुजी पुढे निवृत्त झाले, हा झाला नाही.

मग बढत्या मिळत गेल्या. कबड्डी, टेनिस बॉलचे नाइट क्रिकेट, गणेश मंडळाचे बक्षीस वितरण. चढाई ऐन रंगात असताना हा सांगतो, "एमएच-२६ पासिंगची पांढरी गाडी गेटमधून काढा, पाव्हण्यांची गाडी यायलीय." लगेच त्याच श्वासात, "आणि एक गडी बाद!" कोण बाद झाला ते गाडीच्या मालकालाही कळत नाही, कारण तो गाडी काढायला गेलेला असतो. उत्तम चढाईपटूला एकशे एक रुपये देणाऱ्या दात्याचे नाव सामन्यात इतक्या वेळा येते, की नवख्या प्रेक्षकाला तोच खेळतोय असे वाटावे.

भाषेची अडचण त्याला कधी आली नाही. भैंसा १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होते, नांदेडही त्याच राज्यात. नंतर सीमा पडली. गाव आदिलाबाद जिल्ह्यात आले आणि २०१६ मध्ये नव्या निर्मल जिल्ह्यात गेले. नकाशे बदलले तरी मैदानाभोवतीचे प्रेक्षक तेच. त्यामुळे याची चढाई मराठीत सुरू होते, पकड तेलुगूत होते आणि पंचाशी झालेला वाद दखनीत मिटतो.

पण त्याचे खरे स्वप्न आहे टीव्हीवरच्या फुटबॉलचे. क्रिकेटच्या खुर्च्या निवृत्त कसोटीपटूंनी अडवल्या आहेत, फुटबॉलात मात्र नुसत्या घशावर पोहोचता येते, अशी त्याची समजूत. ती अगदीच खोटी नाही. बीबीसीचे जॉन मॉटसन व्यावसायिक फुटबॉल कधीच खेळले नाहीत. लंडनजवळच्या बार्नेटच्या एका स्थानिक वृत्तपत्रात ते बातमीदार होते. ५ फेब्रुवारी १९७२ रोजी, वयाच्या २६ व्या वर्षी, त्यांना हेरेफर्ड विरुद्ध न्यूकॅसल या सामन्याला पाठवले गेले. बलाढ्य न्यूकॅसल किरकोळ हेरेफर्डला सहज हरवेल आणि रात्रीच्या कार्यक्रमात दोन-चार मिनिटे दाखवून विषय संपेल, असा अंदाज होता. रॉनी रॅडफर्डने चिखलातून लांबवरून असा फटका मारला, की सामना बरोबरीत आला. जादा वेळेत हेरेफर्ड जिंकले आणि मॉटसन यांची पुढची जवळजवळ पन्नास वर्षे ठरून गेली. मेंढीच्या कातड्याचा त्यांचा कोट खेळाडूंइतकाच प्रसिद्ध झाला.

कोटाचे आपल्या समालोचकाने मनावर घेतले होते. भैंशाच्या मे महिन्याने तो विचार सोडायला लावला.

युरोपातले सामने आपल्याकडे मध्यरात्री सुरू होतात. हा टीव्हीचा आवाज बंद करून स्वतःचा सुरू करतो. माद्रिदमध्ये चेंडू जाळ्यात गेला की भैंशात शेजारच्या घरातला दिवा लागतो. "रातभर कुणाशी बोलायलास रे?" या आईच्या प्रश्नाला त्याच्याकडे उत्तर नसते, कारण तो लाखो प्रेक्षकांशी बोलत असतो आणि त्यातला एकही जागा नसतो. नावांना मात्र तो डरत नाही. लहानपणापासून लांबलचक तेलुगू आडनावे हजेरीत ऐकलेला माणूस. पोलंडचा ब्वाश्चिकोव्स्की त्याने पहिल्याच दमात खिशात घातला.

त्याला अजून जमलेले नाही ते गप्प बसणे. या धंद्याची खरी परीक्षा तिथे असते. जानेवारी १९२७ मध्ये बीबीसीने खेळांचे धावते वर्णन सुरू केले, तेव्हा टेडी वेकलम या माजी रग्बीपटूसमोर एका अंध माणसाला बसवले होते. त्याला दिसेल असे बोला, एवढीच सूचना. त्याच महिन्याच्या २२ तारखेला आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड यांचा सामना प्रसारित झाला, तेव्हा श्रोत्यांसाठी मैदानाचे चौकोन पाडलेला नकाशा छापला होता आणि चेंडू कोणत्या चौकोनात आहे ते दुसरा आवाज सांगत होता. रेडिओवर बोलावेच लागते. टीव्हीवर लोकांना चेंडू दिसतच असतो. तो डावीकडून उजवीकडे गेला हे सांगणाऱ्याला पगार कशाचा द्यायचा?

आपला समालोचक हे ऐकून घेतो आणि सांगतो, "चेंडू उजवीकडे!"

२० मार्च २०२२ ला मात्र तोही गप्प झाला होता. इंडियन सुपर लीगची अंतिम लढत, गोव्याच्या फातोर्डा मैदानावर, हैदराबाद विरुद्ध केरळ ब्लास्टर्स. केरळ पुढे. ८८ व्या मिनिटाला गोव्याच्याच साहिल ताव्होराने हैदराबादला बरोबरी साधून दिली आणि पेनल्टींमध्ये गोलरक्षक लक्ष्मीकांत कट्टीमनीने तीन फटके अडवले. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताला चौथ्या क्रमांकावर नेणारे आणि १९६२ च्या जकार्ता आशियाई खेळांत सुवर्ण मिळवून देणारे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम ज्या शहराचे, त्या शहराच्या संघाने पहिल्यांदाच ही लीग जिंकली. याचा घसा मात्र दुसऱ्या पेनल्टीलाच बसला होता.

आता प्रश्न नोकरीचा. बंगालीत अजय बसू, कमल भट्टाचार्य आणि पुष्पेन सरकार यांनी रेडिओवरून फुटबॉल घरोघरी पोहोचवला. मल्याळममध्ये शैजू दामोदरन पत्रकारितेतून समालोचनात आले आणि २०१८ च्या विश्वचषकात रोनाल्डोच्या स्पेनविरुद्धच्या फ्री किकवर असे काही ओरडले, की मल्याळम न येणाऱ्यांनीही ती चित्रफीत पुन्हा पुन्हा पाहिली. मराठीतही परंपरा आहे, बाळ ज. पंडित आणि वि. वि. करमरकर यांची, पण ती क्रिकेटची. तालमींच्या संघांवर जीव टाकणारे अख्खे कोल्हापूर आपल्याकडे आहे, तिथला अनिकेत जाधव २०१७ चा सतरा वर्षांखालचा विश्वचषक खेळला. तरीही २०२२ चा विश्वचषक जिओसिनेमाने दाखवला तो इंग्रजी, हिंदी, तमिळ, मल्याळम आणि बंगालीत. मराठी नाही, तेलुगूही नाही. म्हणजे भैंसा दोन्हीकडून बाद.

पुढच्याच वर्षी त्याच जिओसिनेमाला आयपीएलसाठी मराठी सापडली. समालोचन करता करता केदार जाधवला बंगळुरूच्या संघाने थेट खेळायला बोलावले. हे वाचल्यापासून आपला समालोचक बूट पॉलिश करून ठेवतो.

त्याला खेळायला कुणी बोलावणार नाही, हे स्पष्ट सांगितलेले बरे. पण बोलायला बोलवायला हरकत नाही. चॅनलवाल्यांनी हिशेब करून पाहावा: एका पगारात मराठी आणि तेलुगू, दखनी फुकट, आणि मध्येच कुणाची गाडी काढायची असेल तर तीही सोय आहे.