सुखरूप प्रेक्षक कसे व्हावे : नवशिक्यांसाठी मार्गदर्शिका

पूर्वी चित्रप्रदर्शन पाहणं सोपं होतं. हात मागे बांधायचे, मान किंचित तिरकी करायची, ‘रंगसंगती छान जमलीय’ म्हणायचं आणि चहाच्या टेबलाकडे वळायचं. पण कृष्णवर्णीय, स्त्रिया, समलिंगी अशी मंडळी आपापली चित्रं स्वतःच काढू लागली आणि साध्या रसिकाची पंचाईत झाली. त्याच्यासाठी ही मार्गदर्शिका. उद्देश एकच : आत जावं, सगळं बघावं आणि जसे गेलो तसेच बाहेर यावं.

१. प्रवेश

तिकिटाबरोबर मिळालेला बिल्ला शर्टाला लावण्यापूर्वी वाचा. न्यूयॉर्कच्या व्हिटनी संग्रहालयातल्या १९९३ च्या द्वैवार्षिक प्रदर्शनात डॅनियल मार्टिनेझ यांनी प्रवेशाचे बिल्ले हीच कलाकृती केली होती. एका वाक्याचे तुकडे करून ते बिल्ल्यांवर छापले. ते सगळे जोडले की अर्थ निघायचा : आपण गोरं असावं असं मला कधी वाटेल, ही कल्पनाच करवत नाही. गोरे प्रेक्षक पैसे मोजून या वाक्याचा एकेक तुकडा छातीवर मिरवत दालनं फिरले. वाचून फार उपयोग होतो असंही नाही म्हणा. बिल्ल्याशिवाय आत सोडणार कोण?

२. अल्पोपाहार

कलाकृतीला हात लावू नये, हा नियम तुम्हाला पाठ असेल. फेलिक्स गोन्झालेस-टोरेस यांच्यापुरता तो विसरा. कोपऱ्यात चकचकीत रंगीत कागदांतल्या गोळ्यांचा ढीग दिसेल. ही त्यांची १९९१ ची कृती. गोळी खुशाल उचला, तोंडात टाका आणि मगच भिंतीवरची पाटी वाचा. ढिगाचं आदर्श वजन १७५ पौंड, म्हणजे साधारण ७९ किलो : धडधाकट माणसाचं असावं तेवढं. कृतीच्या शीर्षकात ज्याचं नाव आहे तो रॉस हा कलाकाराचा जोडीदार, त्याच वर्षी एड्सने गेलेला. येणारा-जाणारा एकेक गोळी नेतो, ढीग झिजत जातो आणि संग्रहालय तो पुन्हा भरू शकतं. आता तोंडातल्या गोळीचं काय करायचं? थुंकणं अशिष्टपणाचं, गिळणं अवघड. गिळा.

शिकागोच्या आर्ट इन्स्टिट्यूटने मध्यंतरी पाटीवरच्या वर्णनातून रॉस आणि एड्स दोन्ही गाळले होते. तेवढ्या काळात ती निव्वळ गोळी होती, मन न खाता खाता येण्यासारखी. २०२२ मध्ये लोकांनी आरडाओरडा केला, मजकूर परत आला आणि ती सोय गेली.

३. छायाचित्रण

फोटो काढण्यापूर्वी मागे वळून बघा. २०१४ साली ब्रुकलिनमधल्या डॉमिनो कंपनीच्या जुन्या साखर कारखान्यात कॅरा वॉकर यांनी पांढऱ्या साखरेचा लेप दिलेली अजस्र स्फिंक्स उभी केली : सुमारे ७५ फूट लांब, ३५ फूट उंच. डोक्याला फडकं, चेहरा कृष्णवर्णीय मोलकरणीच्या ठरीव प्रतिमेचा, अंग उघडं. उसाच्या मळ्यांत राबलेल्या गुलामांचा इतिहास समोर ठेवलेला असताना, कित्येक प्रेक्षकांनी तिच्या स्तनांखाली आणि नितंबांपाशी उभं राहून चावट फोटो काढले आणि ते जगाला दाखवले. वॉकरबाईंनी काही अडवलं नाही. त्यांनी प्रेक्षकांचंच चित्रीकरण करून ठेवलं आणि त्यातून ‘ॲन ऑडियन्स’ हा व्हिडिओ केला. फोटो काढायला आलेली मंडळी अशी आयती कलाकृतीत गेली.

४. सहानुभूती

हळहळ व्यक्त केली की निभावतं, असा पुष्कळांचा समज आहे. २०१७ मध्ये त्याच व्हिटनीत डेना शुट्झ या गोऱ्या चित्रकर्तीने हळहळूनच एमेट टिल याचं चित्र मांडलं. १९५५ साली मिसिसिपीत गोऱ्यांनी ठार मारलेला हा चौदा वर्षांचा कृष्णवर्णीय मुलगा. त्याचे हाल जगाने बघावेत म्हणून त्याच्या आईने शवपेटी उघडी ठेवायला लावली होती. पार्कर ब्राइट हे कृष्णवर्णीय कलाकार चित्राकडे पाठ करून त्याच्यासमोर उभे राहिले. कलाकार हॅना ब्लॅक यांनी तर चित्र नष्टच करा, असं जाहीर पत्र लिहिलं. आईने दाखवलेलं दुःख परक्याने रंगवावं का, ते भिंतीवर टांगावं का, आणि न आवडलेलं चित्र जाळावं का, असे तीन प्रश्न एका चित्रापुढे उभे राहिले. अशा वेळी मान अशी हलवा की ती ‘हो’ म्हणतेय की ‘नाही’, हे कुणालाच कळू नये. ही कला आपल्याकडे परंपरेने आलेलीच आहे.

५. ‘हे सगळं तिकडचं’

मराठी रसिकाचा हा हुकमी एक्का, पण जपून टाका. भूपेन खक्कर जन्मले मुंबईतल्या खेतवाडीत, १९३४ साली. पेशाने चार्टर्ड अकाउंटंट. बडोद्यात हिशेब तपासता तपासता चित्रं काढत. १९८१ च्या ‘यू कान्ट प्लीज ऑल’मध्ये सज्जात उभा नागडा पुरुष खालच्या रस्त्याकडे बघतो आहे. तिथे बाप, लेक आणि गाढवाची गोष्ट चालली आहे : काहीही करा, लोक नावं ठेवणारच. खक्करांनी आपलं समलिंगी असणं या चित्रातून उघड केलं, असं मानलं जातं. चित्र सध्या लंडनच्या टेट संग्रहालयात आहे. म्हणजे इकडचं तिकडे गेलं.

‘निदान वंशभेद तरी आपल्यात नाही’ हेही बोलून पाहू नका. नागपूरचे सवी सावरकर गळ्यात मडकं बांधलेला माणूस चितारतात. त्याची ओळख पटवायला परदेशी पाटी लागत नाही.

६. संभाषण

उद्घाटनानंतरच्या पार्टीत कुणी काळ्या लोकांवर विनोद केला, तर हसण्यापूर्वी आजूबाजूला पाहा. उजळ वर्णाच्या कलाकार एड्रियन पायपर या कृष्णवर्णीय आहेत, हे पाहणाऱ्याच्या लक्षात येत नसे. म्हणून १९८६ पासून त्या असा विनोद करणाऱ्याच्या आणि त्यावर हसणाऱ्याच्या हातात गुपचूप एक छापील कार्ड ठेवू लागल्या. भाषा अत्यंत अदबीची : मी कृष्णवर्णीय आहे, माझ्या असण्याने तुमची अडचण झाली याचा खेद वाटतो, तुमच्या बोलण्याने माझी झाली याचा तुम्हालाही वाटत असेलच. कार्ड मिळाल्यास ‘आमचे कितीतरी मित्र…’ या वाक्याने सुरुवात करू नये.

७. गृहपाठ

एव्हाना लक्षात आलं असेल : बिल्ला तुम्ही लावला, गोळी तुम्ही खाल्ली, फोटो तुम्ही काढला, विनोदावर तुम्ही हसलात. कलाकाराने अर्धं काम करून सोडलं, उरलेलं तुमच्याकडून करून घेतलं, आणि वर तिकिटाचे पैसे. तेव्हा सुखरूपपणाचा नाद सोडा आणि बिनखर्चाचं एक काम शिका : मोजणं.

गोरिलाचे मुखवटे घालणाऱ्या ‘गुरिल्ला गर्ल्स’नी १९८९ साली न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात तेवढंच केलं. आधुनिक कलेच्या दालनांत स्त्री-कलाकार पाच टक्क्यांहून कमी, तर नग्नचित्रांतल्या स्त्रिया ८५ टक्के. २०१२ मध्ये पुन्हा मोजलं, तर स्त्री-कलाकार चार टक्क्यांच्या आत आणि नग्न स्त्रिया ७६ टक्के. तेवीस वर्षांत थोडी प्रगती झाली खरी, पण ती नागड्या पुरुषांची.

तुमच्या गावातल्या पुढच्या प्रदर्शनात भिंतीवरची नावं वाचा. बायका किती, कुठल्या आडनावांचे किती, कोण नाहीच, ते बोटांवर मोजा. आकडा आयोजकांना जरूर सांगा, पण चहा पिऊन झाल्यावर.