याचिकाकर्ता क्रमांक चार

आमचे वकीलसाहेब मंत्री झाले, त्या संध्याकाळी टेकडीवर पेढे वाटले गेले. वाटणारा मीच. टेकडी वाचवायच्या याचिकेत मी याचिकाकर्ता क्रमांक चार होतो, त्यामुळे एक किलोचा खर्च माझ्याकडे आला. आपला माणूस आत गेला, आता टेकडीकडे वाकड्या नजरेनं बघायची कुणाची छाती आहे, अशी आमची भावना. साहेबांची नजर वाकडी नव्हतीच, हे कबूल केलं पाहिजे. ती सरळ होती. माथ्यापासून पायथ्यापर्यंत, अगदी मोजणीदारासारखी.

वकिलीच्या दिवसांत हा माणूस आमच्याकडून फी घेत नसे. ‘झेरॉक्सचे तेवढे द्या,’ म्हणायचा. कोटाची बाही उसवलेली, डब्यात पोळी आणि बटाट्याची भाजी, आणि तोंडात १९९६ सालचा एम. सी. मेहता विरुद्ध कमलनाथ हा निकाल. बियास नदीकाठच्या एका हॉटेलापायी सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं होतं, की नद्या, जंगलं या जनतेच्या ठेवी आहेत आणि सरकार त्यांचा केवळ विश्वस्त आहे. ‘विश्वस्त’ म्हणताना साहेबांचा गळा दाटून यायचा. आमचाही यायचा. महाराष्ट्रात देवस्थानांच्या जमिनींचं विश्वस्तांच्या हातून काय काय झालं, हे त्या क्षणी कुणालाच आठवलं नाही.

कायदा त्यांनीच आम्हाला शिकवला. २००६ च्या अधिसूचनेप्रमाणे बांधकाम वीस हजार चौरस मीटरवर गेलं, की पर्यावरण मंजुरी लागते. ‘म्हणून हे लोक एकोणीस हजार नऊशेवर थांबतात!’ असं म्हणून ते टेबलावर मूठ आपटायचे. परवा बिल्डरांच्या मेळाव्यात त्यांनी हेच वाक्य पुन्हा म्हटलं. शब्द तेच, आकडा तोच. मूठ तेवढी आपटली नाही. लोकांनी वहीत लिहून घेतलं.

त्यांच्याविषयी जे उलटसुलट बोललं जातं, ते मला पटत नाही. साहेब बदलले, असं लोक म्हणतात. कुठे बदलले? वकील पक्षकार बदलतो, पुस्तकं तीच ठेवतो. ज्या मंत्र्याला कायदा कळत नाही, त्याला तो मोडावा लागतो. मग बोभाटा होतो, कोर्ट झापतं, पेपरात येतं. आमच्या साहेबांना मात्र कायद्याची शिवण नेमकी कुठे उसवलीय ते पाठ आहे, कारण ती टाचायला सुई घेऊन पंधरा वर्षं तेच बसले होते. असा अनुभवी माणूस सरकार वाया कसा घालवेल? शिवाय २०२० पासून त्यांच्या पर्यावरण खात्याच्या नावात ‘वातावरणीय बदल’ असे शब्द आहेत. वातावरण बदललं की आपणही बदलायचं, हे साहेबांनी तीन पक्षांत करून दाखवलंय. सध्याच्या पक्षाचं नाव लिहीत नाही. हे छापून येईपर्यंतचा भरवसा देता येत नाही.

झाडांचंच घ्या. राज्याच्या वृक्षकायद्यातल्या २०२१ च्या दुरुस्तीनं तोडायच्या झाडाचं जेवढं वय, तेवढी रोपं लावायची असं ठरलं आणि पन्नाशीच्या पुढच्या झाडाला ‘वारसा वृक्ष’ हा मान मिळाला. कायदा चांगला आहे. पण वडाकडे जन्मदाखला नसतो. आमच्या नाक्यावरचा वड माझ्या आजोबांनी पोरवयात, पारासकट पाहिलेला. पाहणी झाली, तेव्हा कागदावर त्याचं वय भरलं एकोणपन्नास. पंचनाम्यावर सह्या करणाऱ्यांत एकही वनस्पतीशास्त्रज्ञ नव्हता, अशी हरकत मी घेतली. साहेब हसून म्हणाले, ‘चार नंबर, माणसं नोकरीसाठी वय कमी लावतात, झाडानं रस्त्यासाठी लावलं तर बिघडलं कुठे?’

रोपांची चिंता तर करूच नये. या राज्यानं २०१९ च्या पावसाळ्यात एका मोहिमेत तेहतीस कोटी झाडं लावायचं ठरवलं होतं. आकडा कुणी सुचवला कोण जाणे, पण निवड शास्त्राला धरून होती. तेहतीस कोटी देवही आपण असेच मोजलेत. श्रद्धावानाला जागोजागी दिसतात, मोजायला गेलेल्याला सापडत नाहीत. पुढे आमदारांची समिती चौकशीला नेमली गेली. नास्तिक कुठे नसतात?

आधी बांधा, मग परवानगी मागा, ही साहेबांची आवडती चीड होती. ‘आधी बारसं, मग लग्न!’ असं ते कोर्टाच्या पायरीवर ओरडायचे. १६ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयानं अशा मागाहूनच्या मंजुऱ्या बेकायदा ठरवल्या, तेव्हा त्यांचा चेहरा इतका पडला की कुणी जवळचं गेलं असं मला वाटलं. नोव्हेंबरात दोन विरुद्ध एक अशा बहुमतानं तोच निकाल मागे घेण्यात आला. त्या दिवशी बंगल्यावर श्रीखंड होतं. बारशाचं की लग्नाचं, ते विचारायचा धीर मला झाला नाही.

कायद्यातून राजकारणात गेलेले आमचे साहेबच पहिले नव्हेत. कॅलिफोर्नियात बायरन शेर नावाचे एक गृहस्थ होते. स्टॅनफर्डला कायदा शिकवायचे. १९८० मध्ये तिथल्या विधिमंडळात गेले आणि दोन्ही सभागृहांत मिळून चोवीस वर्षं बसले. या अवधीत माणसानं किती काय काय करावं! हे काय करत बसले, तर हवेचा कायदा, कचऱ्याचा कायदा. १९८९ मध्ये नियम करून घेतला, की २००० सालापर्यंत गावोगावच्या डेपोत जाणारा निम्मा कचरा थांबला पाहिजे. आमदार होऊनही हा मनुष्य कायदेच करत राहिला. साहेबांना हे सांगितलं, तर त्यांनी विचारलं, ‘मतदारसंघ शहरी होता का?’

असो. मुद्दा टेकडीचा. आमच्या टेकडीच्या पायथ्याशी सात इमारतींच्या संकुलाला पर्यावरण मंजुरी मिळाली. जुन्या दिवसांत साहेबांनी आम्हाला घोकायला लावलेलं, की टेकडी जेसीबीनं जात नाही, कॅलेंडरनं जाते. मंजुरीविरुद्ध हरित न्यायाधिकरणात तीस दिवसांत अपील करायचं. सबळ कारण असेल तर वर साठ दिवस मिळतात. त्यापुढे न्यायाधिकरणाचेही हात बांधलेले. मी कागद घेऊन दुसऱ्याच दिवशी बंगल्यावर गेलो. पीए म्हणाला, ‘अपील कशाला? साहेब स्वतः बघतायत.’ मग साहेब दौऱ्यावर होते. मग अधिवेशन होतं. मग त्यांच्या मेव्हण्याच्या मुलीचं लग्न होतं. मग पुन्हा दौरा. आपला माणूस आत आहे म्हटल्यावर घाई कशाची, म्हणून मीही प्रत्येक वेळी चहा पिऊन परतलो. चहा चांगला असतो तिथला, आलं ठेचून घालतात.

शेवटी भेट झाली. ‘या, या, चार नंबर!’ म्हणत साहेबांनी मला मिठी मारली, चष्मा चढवला आणि फाइल मागितली. ते वाचू लागले, तसा जुना माणूस डोळ्यांसमोर उभा राहिला. तसंच अंगठ्यानं पान उलटणं, तसंच समासात पेन्सिलीनं टिंब देणं. एकशे बाराव्या पानावर ते थांबले. ‘हे बघा, ओढा आहे तिथे यांनी पाणंद दाखवलीय. ओढा लपवलाय. नकाशाच खोटा! हा एक मुद्दा घ्या, मंजुरी टिकत नाही.’ त्यांनी त्याखाली दोनदा रेघ ओढली. डोळे चमकत होते, आवाज दाटला होता, आणि खरं सांगतो, त्यात नाटक नव्हतं.

मी तरंगतच बाहेर पडलो. जिन्यात उभा राहून मंजुरीच्या तारखेपासून बोटांवर दिवस मोजले. मग भिंतीवरच्या साहेबांच्याच फोटोच्या कॅलेंडरवर पुन्हा मोजले. एक्याण्णव. वर गॅलरीत साहेब उभे होते, मला हात करत होते.