मोकळ्या लेनशेजारी थांबणाऱ्या मूर्खांची स्तुती

पुण्यात सातारा रस्त्यावर ऑफिसच्या वेळेला एका खास प्रकारचा मूर्ख हमखास बघायला मिळतो. स्वारगेटच्या दिशेने निघालेल्या गर्दीत त्याची दुचाकी अडकलेली असते. पुढे रिक्षा, डावीकडे टेम्पो, मागे कुणीतरी सतत हॉर्न वाजवतंय, आणि उजव्या हाताला बीआरटीची लेन मोकळी पडलेली. चौक ओलांडला की तिचं तोंड उघडंच असतं. वॉर्डन चहाला गेलेला. पुढचे तिघं-चौघं हँडल उजवीकडे वळवून आत शिरले आणि बघता बघता दिसेनासे झाले. मागे बसलेली बायको म्हणते, “अहो, घ्या ना आत. सगळेच चाललेत.” हा म्हणतो, “ती बसची आहे,” आणि टेम्पोच्या धुरात पाय टेकून उभा राहतो.

या माणसाची स्तुती करावी म्हणून हे लिहायला घेतलं. शहाण्यांचं कौतुक करायला शहरात माणसं कमी नाहीत. जो वेळेत पोचतो त्याला तो कुठून आला हे कुणी विचारत नाही. मूर्खाच्या वाट्याला मात्र घरच्यांचे टोमणे, मागच्याचा हॉर्न आणि हजेरीपुस्तकातला उशिराचा शेरा. त्याचा मूर्खपणा सिद्ध करायला पुरावाही फार लागत नाही. दहा मिनिटं फुकट मिळत होती, पावती फाडायला मामा उभे नव्हते, तरी त्याने ती घेतली नाहीत. व्यवहाराच्या हिशेबात हा गुन्हा अक्षम्य आहे. मला मात्र त्याच्यासारखी माणसं शहरात जास्त हवी आहेत, आणि का ते सांगायचं आहे.

शहाण्याचं म्हणणं एका वाक्यात मावतं: लेन रिकामी आहे. रिकामी म्हणजे वाया, आणि वाया जाणारी जागा वापरली तर कुणाचं काय बिघडलं? ऐकायला इतकं सरळ की पुढे बोलायला जागाच उरत नाही. म्हणून जरा गणित करू.

समजा, लेनमधून दर मिनिटाला एक बस धावते. वेग ताशी ३६ किलोमीटर, म्हणजे सेकंदाला १० मीटर. बस १२ मीटर लांब. गर्दीत अडकलेल्या माणसाच्या समोरून ती १.२ सेकंदात निघून जाते, आणि पुढची तिच्यामागे ६०० मीटरवर असते. म्हणजे मिनिटातली ५८.८ सेकंदं ती लेन त्याला रिकामीच दिसणार. आता माणसं मोजा. एका बसमध्ये ६० धरली तर तासाला ३,६०० माणसं त्या ‘रिकाम्या’ लेनमधून गेली. तेवढीच माणसं मोटारींतून न्यायची तर, एका मोटारीत सरासरी दीड माणूस धरून, २,४०० मोटारी लागतात. सिग्नल असलेल्या शहरी रस्त्याच्या एका लेनमधून तासाला इतक्या मोटारी जाऊच शकत नाहीत. म्हणजे शेजारची लेन, जिच्यात टाचणी ठेवायला जागा नाही, ती कमी माणसं वाहते आहे. आणि जिच्यात चिटपाखरू दिसत नाही, ती जास्त. लेन रिकामी दिसते, कारण ती काम करते आहे.

मूर्खाला हे गणित येत असतं असं मी म्हणणार नाही. बहुतेकांना येत नसतं. त्याला एवढंच ठाऊक असतं की पाटीवर बसचं चित्र आहे आणि आपण बसमध्ये बसलेलो नाही. तरी तो नकळत बरोबर उत्तरावर उभा असतो. शहाणा डोळ्याने बघून, विचार करून, हिशेबाने चुकतो.

शहाणा आत शिरतो तेव्हा काय होतं ते बसच्या बाजूने बघायला हवं. समजा, एका मार्गावर ३० गाड्या आहेत आणि जाऊन येऊन एक फेरी दोन तासांची आहे. मग थांब्यावर दर चार मिनिटांनी गाडी येते. लेनमध्ये दुचाकी, मोटारी आणि शाळेच्या व्हॅन शिरल्या आणि फेरी तीन तासांची झाली, तर त्याच ३० गाड्या, तेच ड्रायव्हर, तेवढंच डिझेल किंवा सीएनजी खर्चूनही थांब्यावर गाडी सहा मिनिटांनी येते. एकही गाडी बंद पडली नाही, कुणी रजेवर गेलं नाही, आणि तरी त्या मार्गाची एक तृतीयांश बससेवा हवेत विरली. थांब्यावर उभी असलेली मुलगी ‘पीएमटी कधी वेळेवर येतच नाही’ म्हणते आणि पहिल्या पगारातून दुचाकीचा हप्ता सुरू करते. उद्या ती कठड्याच्या अलीकडे अडकलेली असेल, आणि लेनच्या तोंडाशी आल्यावर तिलाही निवड करावी लागेल.

बीआरटी स्थानकाचा ओटा बसमधल्या फरशीच्या उंचीचा असतो. पायऱ्या चढायच्या नाहीत, सपाट आत पाऊल टाकायचं, एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप. त्यासाठी बसला उजवीकडे वेगळं दार असतं आणि ड्रायव्हरला गाडी ओट्याला जवळजवळ घासेल इतकी चिकटवून उभी करावी लागते. ते सोपं काम नाही. बारा मीटरची गाडी आधीपासून सरळ रेषेत यायला लागते. नेमक्या त्या क्षणी एक शहाणा ओटा आणि बस यांच्या मधून दुचाकी काढतो. ड्रायव्हर ब्रेक मारतो, गाडी तिरकी थांबते, आणि पुढचं दार ओट्याला लागलं तरी मागच्या दारापाशी हातभर फट राहते. लुगड्यातली एक आजी त्या फटीपाशी थबकते. आधी पिशवी आत सरकवते, मग दांड्याकडे हात नेते, मग खाली बघते आणि हात मागे घेते. आतून कुणीतरी “द्या हात, आजी” म्हणून तिला ओढून घेतं. तेवढ्यात मागे दुसरी बस येऊन उभी राहिलेली असते. दुचाकीवाल्याला यातलं काही दिसत नाही. तो पुढच्या सिग्नलला पोचलेला असतो.

हे स्थानक रस्त्याच्या मधोमध असल्यामुळे तिथे जाणाऱ्या-येणाऱ्या प्रत्येकाला रस्ता ओलांडणं भाग आहे. बस मोठी असते, ऐकू येते, ठरलेल्या बाजूने येते. मोकळ्या लेनमध्ये वेग घेतलेली दुचाकी यातलं काहीच पाळत नाही, आणि त्यातल्या काही तर उलट्या दिशेने येतात. उजवीकडे बघून पाऊल टाकलेल्या माणसाला डावीकडून धडक बसते. मूर्खाने आयुष्यभरात असं कुणाला पाडलेलं नसतं. हा त्याचा पराक्रम कुठल्याच नोंदवहीत चढत नाही, कारण न झालेला अपघात पोलीस लिहून घेत नाहीत.

कायद्याचं म्हणाल तर मोटार वाहन कायद्याच्या ११९व्या कलमानुसार रस्त्यावरचं चिन्ह पाळणं वाहन चालवणाऱ्याचं कर्तव्य आहे. २०१९च्या दुरुस्तीनंतर १७७व्या कलमाखालचा सर्वसाधारण दंड पहिल्या वेळी ५०० रुपयांपर्यंत, पुन्हा केलं तर १,५०० पर्यंत. उलट्या दिशेने जाणं तर १८४व्या कलमात धोकादायक वाहन चालवण्यात धरलं आहे. शहाणा या आकड्यांची पकडलं जाण्याच्या शक्यतेशी तुलना करतो आणि आत शिरणं परवडतं हे त्याला कळतं. मूर्ख ही तुलना करतच नाही. आडबाजूला ठेवलेल्या पाटीवरचा पांढरा रंग त्याला पोलिसाइतकाच बांधून घालतो. अँब्युलन्स लेनमधून जाऊ शकते, म्हणून तिच्या मागोमाग चार मोटारी शिरतात. तेव्हाही तो जागचा हलत नाही.

त्याच्याहून मोठे मूर्ख वेगळे. ब्राझीलमधल्या कुरितिबा शहरात जाइमे लेर्नर नावाच्या वास्तुरचनाकार महापौराने १९७४ साली बससाठी स्वतंत्र मार्गिका सुरू केल्या. मेट्रो खोदायला पैसे नव्हते, तेव्हा रस्त्याचाच एक भाग बसला देऊन टाकला. बोगोतात एन्रिके पेन्यालोसा यांनी २००० साली तेच मोठ्या प्रमाणावर केलं. मोटारवाला बोलका असतो, वर्तमानपत्र वाचतो, मत देतो. त्याच्या डोळ्यांदेखत अर्धा रस्ता काढून घेणं म्हणजे राजकारण्याने पायावर धोंडा पाडून घेण्यासारखंच. तरी या दोघांनी ते केलं.

आपल्याकडे हा धोंडा पहिल्यांदा पुण्याने उचलला. २००६ साली कात्रज–स्वारगेट–हडपसर या सुमारे १६ किलोमीटरच्या मार्गावर देशातली पहिली बीआरटी सुरू झाली. पैसा केंद्राच्या नेहरू नागरी पुनरुत्थान योजनेतून आला. पुढच्याच वर्षी पुण्याची पीएमटी आणि पिंपरी-चिंचवडची पीसीएमटी यांची मिळून पीएमपीएमएल झाली. तेव्हा आपण सगळे हसलो होतो. दुभाजक तोडून पुन्हा बांधणं, थांबे आज इथे तर उद्या तिथे, रस्ता ओलांडणाऱ्यांचे हाल. हसायला कारणं भरपूर होती आणि त्यातली बरीच खरी होती. पण कल्पना मूर्खपणाची नव्हती, ती अर्धवट बांधली गेली होती. २०१५ साली संगमवाडी–विश्रांतवाडी आणि सांगवी–किवळे हे मार्ग ‘रेनबो’ नावाने आले तेव्हा बंद स्थानकं, सपाट ओटे आणि दोन्ही बाजूंना दारं असलेल्या गाड्या आल्या. चुकांतून शिकायला नऊ वर्षं लागली, पण शिकले.

दिल्लीत २००८ साली आंबेडकरनगर ते मूलचंद असा ५.८ किलोमीटरचा मार्ग झाला. पहिल्या दिवसापासून मोटारवाल्यांचा ओरडा सुरू झाला. बसच्या लेनमध्ये मोटारींना सोडावं म्हणून उच्च न्यायालयात याचिका गेली आणि २०१२ साली न्यायालयाने ती फेटाळली. पण न्यायालयात जिंकलेली लेन रस्त्यावर हरली. २०१६ साली ती उखडून टाकण्यात आली.

आणि मग आमचा नगर रस्ता. तिथली बीआरटी २०२३पासून टप्प्याटप्प्याने काढायला घेतली गेली. कारण सांगितलं गेलं कोंडीचं. लेन काढल्याने मोटारींना रस्ता रुंद मिळाला हे खरं आहे. पण विमाननगर, खराडी, वाघोलीकडे रोज ज्या नव्या गाड्या नोंदवल्या जातात त्या काय ही रुंदी तशीच ठेवतील? बस पुन्हा डाव्या कडेला आली, म्हणजे रिक्षा, पार्किंग आणि भाजीच्या हातगाड्या यांच्यामधून तिने आपली वाट काढायची. इतकी वर्षं त्या लेनच्या तोंडाशी जे मूर्ख थांबत होते, त्यांना निदान कुणीतरी सांगायला हवं होतं की तुमच्या थांबण्यामुळे इतकी माणसं इतक्या लवकर पोचली. ती माणसं कुणी मोजली असती तर लेन काढण्याचा निर्णय इतक्या सहज घेता आला नसता, असं मला ठामपणे वाटतं.

मूर्खांच्या या कुळात आणखी बरेच जण येतात. तोंडाशी शिट्टी घेऊन उभा असलेला वॉर्डन, ज्याला पावती करण्याचा अधिकार नाही आणि तरी जो हात आडवा धरून “बसची आहे, दादा” म्हणत राहतो. दहापैकी सहा त्याच्या हाताखालून निघून जातात. चौघं थांबतात. समोर दुचाकी घुसली तर शिवी गिळून ब्रेक मारणारा बसचा ड्रायव्हर. मुंबईत बेस्टच्या थांब्यावर कुणीही न सांगता रांग लावणारी माणसं. आणि एक कॉलेजातला मुलगा, जो मित्रांनी “चल ना, रिकामी आहे” म्हटल्यावर लाजून हसतो पण हँडल वळवत नाही. त्याच्यावर माझा सगळ्यांत जास्त जीव आहे. चाळिशीतल्या माणसाला सवयीने थांबता येतं. विशीत, मित्रांसमोर थांबायला काय लागतं ते ज्याचं त्याला माहीत.

माझं भांडण शहाण्यांशी नाही. शहाण्यांना मी ओळखतो, त्यांच्यापुढे मोकळी जागा आली की ते आत शिरणारच. माझं भांडण त्यांच्याशी आहे जे लेन बांधतात आणि बस द्यायला विसरतात. वरचं गणित पुन्हा मांडा. मिनिटाला एक नव्हे, पंधरा मिनिटांनी एक बस. तासाला चार गाड्या, २४० माणसं. आता लेन दिसते तेवढीच रिकामी आहे, शहाण्याचं म्हणणं बरोबर आहे, आणि शेजारी धुरात पाय टेकून उभा राहिलेला माणूस खरोखरच फसवला गेला आहे. त्याने नियम पाळला. ज्यांनी नियम केला त्यांनी आपली बाजू पाळली नाही. रंग, कठडे आणि उद्घाटनाची फीत यांचा खर्च एकदाच करायचा असतो. बस, ड्रायव्हर, कंडक्टर आणि वॉर्डन यांचा मात्र दर महिन्याला, आणि बहुतेक अंदाजपत्रकं तिथेच आटतात.

म्हणून लेन आखण्याआधी गाड्या विकत घ्या. बसच्या पुढच्या काचेवर कॅमेरा लावा, म्हणजे घुसणाऱ्याचा नंबर आपोआप टिपला जाईल आणि वॉर्डनला हात आडवा धरून उभं राहावं लागणार नाही. आणि प्रत्येक मोठ्या चौकात वाहनं नव्हे, माणसं मोजा. तो आकडा स्थानकाबाहेर मोठ्या पाटीवर रोज लावा, जिथे लेनशेजारी अडकलेल्या गर्दीलाही तो वाचता येईल.